संग्रहित चित्रणाचा पुनर्वापर : दोन माहितीपटांच्या संदर्भात

प्रस्तावना

जुने चित्रण पडद्यावर आले, की प्रेक्षक त्याकडे पुरावा म्हणून पाहतो. निवेदकाच्या विधानावर तो शंका घेईल. चित्रणावर सहसा घेत नाही. वस्तुतः कॅमेरा कोणी, कोणाच्या आज्ञेने आणि कशासाठी चालविला, हे प्रश्न कागदपत्रांप्रमाणेच चित्रणालाही विचारावे लागतात. आजचा दिग्दर्शक हे प्रश्न जागे ठेवतो की मिटवून टाकतो, या कसोटीवर येथे दोन माहितीपटांचा विचार केला आहे.

रंग आणि ध्वनी यांची भर

पीटर जॅक्सन यांनी ‘दे शॅल नॉट ग्रो ओल्ड’ (२०१८) हा माहितीपट पहिल्या महायुद्धाच्या शताब्दीनिमित्त लंडनच्या इम्पीरियल वॉर म्युझियममधील चित्रणावरून तयार केला. हाताने फिरविलेल्या कॅमेऱ्यांचा अनियमित वेग त्यांनी सेकंदाला २४ चौकटींवर आणला, कृष्णधवल चित्रांना रंग दिले आणि ओठांच्या हालचालींवरून शब्द ओळखून ते नटांकडून वदवून घेतले. तुरुतुरु चालणाऱ्या बाहुल्यांसारखे भासणारे सैनिक त्यामुळे प्रथमच माणसे वाटू लागतात. हे यश थोडे नव्हे.

मात्र दृश्य कोणत्या ठिकाणचे, कोणत्या तारखेचे, हे कोठेही सांगितलेले नाही. सैनिकांच्या मुलाखती युद्धानंतर अनेक दशकांनी घेतलेल्या. त्या कोणत्याही चेहऱ्याला जोडता येतात. प्रत्यक्ष चकमकीचे चित्रण उपलब्ध नसल्याने जॅक्सन तेथे तत्कालीन नियतकालिकातील रेखाचित्रे वापरतात. एवढ्या एका ठिकाणी संग्रहातील पोकळी प्रेक्षकाला दिसते. अन्यत्र ती रंगाखाली झाकली जाते.

मौनाचा स्वीकार

हारून फारोकी यांचा ‘आउफशुब’ (२००७) याच्या नेमका उलट आहे. हॉलंडमधील वेस्टरबोर्क येथील नाझी छावणीचे हे चित्रण १९४४ मध्ये छावणीप्रमुखाच्या आदेशावरून रुडॉल्फ ब्रेस्लाउअर या ज्यू बंदिवानाने केले. फारोकी त्यात आवाज, संगीत वा रंग यांपैकी काहीच मिसळत नाहीत. केवळ मजकुराच्या पाट्या घालतात आणि तीच दृश्ये पुन्हा दाखवितात. एका सुटकेसवरील अक्षरांवरून गाडी सुटल्याची तारीख, १९ मे १९४४, निश्चित होते. कामात मग्न बंदिवानांची दृश्ये छावणीची उपयुक्तता दाखविण्यासाठी घेतलेली. परंतु त्या कष्टांत मृत्यू लांबविण्याची धडपडही होती, असे फारोकी सुचवितात. शीर्षकाचा अर्थच ‘लांबणीवर टाकणे’ असा आहे.

याच चित्रणातील गाडीच्या दारातून डोकावणारी मुलगी दीर्घकाळ ज्यूंच्या संहाराचे प्रतीक मानली गेली. ती सिंती समाजातील सेटेला स्टाइनबाख असल्याचे १९९४ मध्ये उघड झाले. प्रतिमा जगप्रसिद्ध होती. व्यक्ती मात्र पन्नास वर्षे अनामिक राहिली.

समारोप

जॅक्सन भूतकाळ जवळ आणतात, फारोकी त्याच्यापासूनचे अंतर मोजतात. पहिल्यामुळे सहानुभूती जागते, दुसऱ्यामुळे शोध सुरू होतो. माहितीपट वर्गात इतिहासाचे साधन म्हणून दाखविले जात असल्याने हा भेद अध्यापकांनी ध्यानात घेणे अगत्याचे आहे. रंगविलेले दृश्य दाखवावे. परंतु त्यासोबत मूळ कृष्णधवल दृश्यही दाखवावे आणि कॅमेऱ्यामागे कोण होते, हा प्रश्न विद्यार्थ्यांपुढे ठेवावा. सेटेलाचे नाव परत मिळाले, ते चित्र अधिक स्पष्ट झाल्यामुळे नव्हे, तर ती कोण होती असे कोणीतरी विचारल्यामुळे.