मार कोणाला, हसू कोणाचे?

मूकपटांतील धडपडीच्या विनोदाला भाषा लागत नाही, म्हणून तो साऱ्या मानवजातीचा, असे आपल्याकडे मानले जाते. हे विधान तपासून घेणे मला आवश्यक वाटते. भाषा गेली तरी पडद्यावर देह उरतो; आणि या देशात देहाला जात आहे.

इंग्रजीत या विनोदाचे नाव ज्या काठीवरून पडले ती दोन फळ्यांची. लागायची कमी, वाजायची जास्त. आपल्या गावगाड्यातली काठी नेमकी उलट.

चॅप्लिनचा १९१७ चा 'द इमिग्रंट' पाहा. स्वातंत्र्यदेवतेचा पुतळा दिसू लागतो आणि तेव्हाच बोटीवरच्या गरिबांना दोराने अडवले जाते. चॅप्लिन अधिकाऱ्याला मागून लाथ घालतो. पुढे खानावळीत दहा सेंट कमी पडलेल्या गिऱ्हाइकाला वेटर बदडतात. चॅप्लिन खिसा चाचपतो, तर खिशाला भोक! आपण हसतो ते मार चुकवू पाहणाऱ्याच्या बाजूने.

तरीही या विनोदाला एक गोष्ट गृहीत धरावी लागते : कोणीही कोणावरही आदळू शकतो. तिथे भटक्या साहेबावर आदळला तर साहेबाची टोपी पडते. साहेब बाटत नाही. (काळ्या माणसाची टिंगल करणारे पट त्याच काळात तिथेही निघत होते, हे विसरू नये.) पण जिथे १९२७ साली महाडला तळ्याचे पाणी प्यायल्याबद्दल माणसांची डोकी फुटली, तिथे असा धक्का गंमत कशी ठरणार?

फाळक्यांनी 'पिठाचे पंजे' हा छोटा विनोदी पट काढला, तो पौराणिक चित्रपटाला जोडून. विनोद तोंडी लावण्यापुरता, पान देवादिकांचे. वगात राजाची खिल्ली उडवणारा सोंगाड्या या पानावर बसला नाही. त्यांचा १९१३ चा 'राजा हरिश्चंद्र' ज्या कथेवर उभा आहे, तिच्यात राजाला स्मशानात डोंबाची चाकरी करावी लागते, आणि प्रेक्षक हळहळतात. तेच काम पिढ्यान्पिढ्या करणाऱ्यासाठी कोण हळहळले?

सत्यशोधक आणि आंबेडकरी जलशांनी भटजी-सावकाराची फजिती करून आपल्या माणसांना हसवले. ती आपली परंपरा. इथे नागपुरात स्नेहसंमेलनासाठी नाटिका लिहिणाऱ्या माझ्या विद्यार्थ्यांना मी एवढेच सांगतो : नोकराच्या कानाखाली वाजवून हशा मिळवणे सोपे आहे. तो हशा घेण्याआधी, ज्याची आई आजही दुसऱ्याच्या घरी भांडी घासते तो प्रेक्षागृहात कुठे बसला आहे, ते बघा.