‘सैराट’ बघताना परका कोण?

प्रयोगात एका वेळी एकच घटक बदलायचा, बाकी सगळं तसंच ठेवायचं, ही सवय अंगात इतकी भिनलीय की सिनेमा बघतानाही सुटत नाही. आजचा प्रश्न असा: तोच सिनेमा वेगळ्या भाषेतून बघितला, तर तो तोच राहतो का?

‘धडक’ (२०१८) इथे कामाचा नाही. ‘सैराट’ (२०१६) हिंदीत नेताना गाव, माणसं, शेवट असं सगळंच बदललं. मग फरक नेमका कशामुळे पडला, ते सांगणार कसं?

‘जय भीम’चं (२०२१) उदाहरण त्यापेक्षा चोख आहे. प्रकाश राज हिंदी बोलणाऱ्या माणसाला थोबाडीत मारतो. मूळ सिनेमात कारण असं की, त्यानं तमिळमध्ये बोलावं. हिंदी डबिंगमध्ये कारण होतं, त्यानं खरं बोलावं. चित्र तेच, थप्पड तीच. पण एका जागी भाषेचा वाद आहे, दुसऱ्या जागी नुसती पोलिसी चौकशी.

आता ‘सैराट’. (शेवट माहीत नसेल तर आधी सिनेमा बघून या!) परभणीत होस्टेलवर माझा एक रूममेट तेलुगू भाषक होता. तो इंग्रजी सबटायटल वाचत होता, आम्ही नुसतं ऐकत होतो. मराठी कळत नसेल तर इंग्रजीत सांगू का, असं आर्ची दरडावते तेव्हा आम्ही खो-खो हसलो. त्याच्यासाठी खाली पहिल्यापासून इंग्रजीच चालू होती. त्यात धमकी कसली, हे त्याला समजावून सांगावं लागलं.

मग आर्ची-परश्या हैदराबादला पोचले आणि खोलीतल्या जागा बदलल्या. हैदराबाद आम्हा परभणीकरांना परकं नाही, १९४८ पर्यंत आपण निजामाच्याच राज्यात होतो. पण आमचं हैदराबाद उर्दू-हिंदीचं. चारी बाजूंनी तेलुगू कानावर पडायला लागली तसे आम्ही त्या दोघांसारखेच बावरलो. रूममेट मात्र सरसावून बसला. नंतर म्हणाला, “मला ते हरवलेले वाटलेच नाहीत. आमच्याकडे आलेली दोन पोरं वाटली.”

सँपल एकाच माणसाचं आहे, कबूल. तरी माझं म्हणणं असं, की भाषा इथे फक्त गोष्ट सांगत नाही, बघणाऱ्यानं कुठे उभं राहायचं तेही ठरवते. पुढे आर्ची तेलुगू शिकते. ज्या भाषेची धास्ती वाटली होती तिच्यातच तिचा संसार उभा राहतो आणि आपण निर्धास्त होतो. नेमकं तेव्हाच माहेरची माणसं दारात येतात, मराठी बोलत, आईनं पाठवलेल्या भेटवस्तू घेऊन. परक्या भाषेत जगायला जागा मिळाली आणि मरण आलं ते आपल्या भाषेतून. मराठीही इंग्रजीत आणि तेलुगूही इंग्रजीत वाचणाऱ्याला कथा पूर्ण कळेल, पण हा घाव बोथट होईल.

शेवटच्या प्रसंगात नागराज मंजुळे आवाजच काढून घेतात. ते लहान मूल रडतं, पण ऐकू काही येत नाही. तिथे सबटायटलला काही कामच उरत नाही. त्या दिवशी आमच्या खोलीत तेवढीच मिनिटं आम्ही सगळ्यांनी एकच सिनेमा बघितला.

तुमच्याकडे दुसरी भाषा बोलणारा मित्र असेल तर त्याला शेजारी बसवून बघा. तो कुठे हसतो आणि तुम्ही कुठे हसता, ते मला जरूर कळवा.