पाश्चरच्या वह्या

आपल्या प्रयोगवह्या कोणालाही दाखवू नका, असे लुई पाश्चरने घरच्यांना सांगून ठेवले होते. १८९५ साली तो वारला, आणि त्यानंतरही जवळजवळ सत्तर वर्षे घरच्यांनी ते पाळले. १९६४ साली नातवाने या शंभरावर वह्या पॅरिसच्या राष्ट्रीय ग्रंथालयाला दिल्या. त्या वाचून अमेरिकन इतिहासकार जेरल्ड गायसन यांनी १९९५ साली ‘द प्रायव्हेट सायन्स ऑफ लुई पाश्चर’ हे पुस्तक प्रसिद्ध केले. पाश्चरचा धडा शिकवणाऱ्यांनी त्यातली निदान अँथ्रॅक्स आणि रेबीजवरची प्रकरणे तरी वाचावीत.

पूयी-ल-फोरचा प्रयोग आपण सगळेच शिकवतो. मे १८८१. २४ मेंढ्या, एक शेळी व सहा गायींना लस टोचली. २४ मेंढ्या, एक शेळी व चार गायींना टोचली नाही. ३१ मे रोजी सर्वांना अँथ्रॅक्सचे जहाल जंतू दिले. २ जूनला पाहुणे जमले तेव्हा लस न दिलेल्या बहुतेक मेंढ्या मरून पडल्या होत्या, उरलेल्या संध्याकाळपर्यंत मेल्या. लस दिलेली जनावरे उभी होती.

मग वह्या काय सांगतात? प्राणवायूच्या संपर्काने जंतू क्षीण करण्याची पद्धत पाश्चरने जाहीर केली होती, आणि तीच लस वापरली असा लोकांचा समज त्याने होऊ दिला. प्रत्यक्षात वापरली ती त्याचा सहकारी शाम्बरलां याची, पोटॅशियम डायक्रोमेटने क्षीण केलेली लस. ही रीत तुलूझचा पशुवैद्य तूसां याच्या रीतीच्या फार जवळची होती. तूसांने १८८० साली उष्णता व कार्बोलिक आम्ल वापरून लस केली होती, आणि पाश्चरने तिच्यावर टीका केली होती.

यात नुसता मानापमान नव्हता. जिवंत पण क्षीण जंतूच प्रतिकारशक्ती देतात, असे पाश्चर मानत होता. मेलेल्या जंतूंनीही काम होते असे ठरले असते, तर त्याच्या उपपत्तीलाच धक्का बसला असता. १८८६ साली अमेरिकेत सामन आणि स्मिथ यांनी उष्णतेने मारलेल्या जंतूंपासून कबुतरांना संरक्षण मिळते, हे दाखवले. उलट, ४२-४३ अंश सेल्सिअसला वाढवलेला अँथ्रॅक्सचा जंतू क्षीण का होतो, हे कळायला आणखी शंभर वर्षे लागली: त्या तापमानाला विष तयार करणारी जनुके वाहणारे डीएनएचे वलयच तो गमावतो. पाश्चरची पद्धत खरी होती. त्या दिवशी मात्र ती वापरलेली नव्हती.

इथे गायसन फसवणूक हा शब्द वापरतात. आम्हाला तो जड वाटला तरी चुकीचा वाटत नाही. आमच्या वह्यांतही फसलेल्या प्रयोगांची पाने शोधनिबंधांहून कितीतरी जास्त आहेत आणि ती कोणी छापत नाही. पण एक लस वापरायची आणि श्रेय दुसरीला द्यायचे, हे वेगळे.

रेबीजच्या प्रकरणात मात्र गायसन घाई करतात असे आमचे मत आहे. ६ जुलै १८८५ रोजी नऊ वर्षांच्या जोसेफ माइस्टरला वाळवलेल्या मज्जारज्जूची पहिली टोचणी दिली गेली, तेव्हा नेमक्या त्याच क्रमाने, चावा घेतलेल्या कुत्र्यांवर पुरेसे प्रयोग झाले नव्हते. हे त्यांनी नीट दाखवले आहे. पण मुलाला १४ जागी चावे होते, आणि लक्षणे दिसू लागली की त्या रोगावर इलाज नव्हता. हे वजन निवाड्यात यायला हवे होते. पुस्तक निघाले त्याच वर्षी नोबेलविजेते मॅक्स पेरुट्झ यांनी पाश्चरची बाजू जोरात मांडली. त्यांचा राग थोडा जास्तच होता, तरी या मुद्द्यावर आम्ही त्यांच्याकडे झुकतो.

काही शिक्षकमित्र विचारतात, हे मुलांना सांगितले तर लसींवरचा विश्वास उडणार नाही का? मेंढ्या खरोखरच जगल्या होत्या आणि नियंत्रित गटातल्या खरोखरच मेल्या होत्या. ते मोजलेले आकडे वह्यांनी बदललेले नाहीत. नववीच्या वर्गात आधी हे आकडे फळ्यावर लिहावेत, मग लस कोणती होती ते सांगावे आणि मुलांना भांडू द्यावे.

तूसां १८९० साली, ४३ व्या वर्षी वारला. आमच्या शालेय पुस्तकात त्याचे नाव नव्हते.