बिढार आणि अडगळ : ‘हिंदू’ कादंबरीतील कुटुंबस्मृती

श्री. भालचंद्र नेमाडे यांनी १९७५ साली आपल्या एका कादंबरीस ‘बिढार’ हे नाव दिले आणि २०१० साली प्रसिद्ध झालेल्या ‘हिंदू’च्या नावास ‘जगण्याची समृद्ध अडगळ’ हे शब्द जोडले. बिढार म्हणजे बिऱ्हाडच. ‘लीळाचरित्रा’त स्वामींच्या मुक्कामाच्या जागेस हा शब्द येतो. जे उचलून नेता येते ते बिढार. जे नेता येत नाही आणि टाकवतही नाही ती अडगळ. स्थलांतराचा विचार करू पाहणाऱ्यास याहून नेमकी शब्दांची जोडी मराठीत सापडणे कठीण. ‘हिंदू’वरील वाद मात्र शीर्षकातील पहिल्याच शब्दाभोवती फिरत राहिला, हे खेदाने नमूद करावेसे वाटते.

निवेदक खंडेराव हा पुरातत्त्वाचा अभ्यासक. मोहेंजोदडो येथे असताना वडील अत्यवस्थ असल्याचे त्यास कळते व तो खानदेशातील मोरगावी परततो. बाह्य घटना एवढीच. उर्वरित ग्रंथ स्मरणाचा आहे. १९४७ साली मोहेंजोदडो परदेशात गेले. तेव्हा हा नायक परक्या राष्ट्रात पूर्वजांची वस्ती धुंडाळतो आणि स्वतःच्या घरी पाहुण्यासारखा पोचतो. सिंधू लिपीचा सर्वमान्य उलगडा अद्याप झालेला नाही. त्या नगरात आत्येला काय म्हणत, हे आपण जाणत नाही. मोरगावी मात्र प्रत्येक अवजाराला, पिकाला, नात्याला शब्द आहे, आणि निवेदक ते शब्द ढिगाने आपल्यापुढे ओततो. यास पाल्हाळ म्हणणारे वाचक आहेत. माझ्या मते येथे आशयानेच ही रचना घडविली आहे. निवडून, पुसून मांडलेली अडगळ ही अडगळ राहात नाही. खंडेराव आठवणे सोडून व्याख्यान देऊ लागतो तेथे मात्र पाल्हाळ तो पाल्हाळच.

परंतु अडगळीला जागा लागते, आणि माझा आक्षेप येथून सुरू होतो. प्रस्तुत लेखक भाईंदर पूर्वेस राहतो. मिठागरांच्या या गावी गेल्या काही दशकांत मुंबईतून सरकत आलेली कोकण, देश व खानदेशातील पुष्कळ कुटुंबे स्थिरावली. ‘तुमचे गाव कोणते?’ असे विचारले असता येथेच जन्मलेला विद्यार्थीही कणकवली किंवा खेड असे उत्तर देतो. ‘राहता कोठे?’ हा प्रश्न निराळा. या प्रयोगात ‘गाव’ हा शब्द वास्तव्य दर्शवीत नाही, वंश दर्शवितो. एका विद्यार्थिनीच्या घराण्याचे नाव गावच्या सातबाऱ्यावर कधीच नव्हते. आजोबा गिरणीत आले, गावचे घर पडले, तरी गाव आहे. तिच्या आजीने दोन चाळींतून वाहिलेला पाटा-वरवंटा तिसऱ्या बिऱ्हाडी सोडून द्यावा लागला. पाट्याला टाकी लावणे म्हणजे काय, हे त्या मुलीस मला समजावून सांगावे लागले.

या मुलीशेजारी खंडेरावास बसविले की त्याचे स्मरण हे वारसाचे स्मरण आहे, हे ध्यानी येते. त्याच्यामागे शेत आहे, घर आहे. वारसा स्वीकारावा की नाकारावा, ही त्याची व्यथा खरी. पण नाकारण्याजोगे काही हाती असणाऱ्याचीच ती व्यथा होय. भूमिहीन, फिरस्ती माणसे या कादंबरीत येतात, बोलतात, निघून जातात. खंडेराव त्यांस आठवतो, आणि ममतेने आठवतो. ती खंडेरावाच्या घरास कशी आठवत असतील, हे मात्र ग्रंथात कोठेही उमटत नाही. ‘समृद्ध’ हे विशेषण त्यांच्या तोंडी आले असते काय? भाड्याच्या खोल्या बदलीत हिंडणाऱ्या चांगदेव पाटलाच्या निवेदनास या प्रश्नाची जाग अधिक होती, असे मला वाटते. पस्तीस वर्षांच्या प्रवासात लेखकाने विस्तार मिळविला आणि ही जाग काहीशी गमावली.

वर्गात ‘अडगळ’ या शब्दाचा अर्थ लिहावयास सांगितला होता. बहुतेकांनी ‘निरुपयोगी वस्तू’ असे लिहिले. उपर्युक्त विद्यार्थिनीने लिहिले : ‘गावाला घर असते त्यांच्या माळ्यावर असते ती.’