तनयचा ‘तू’, अनुजाचा ‘तो’

संपलेल्या प्रेमाची आठवण फसवी असते हे सांगणारी कादंबरी बऱ्याचदा वाचकाच्या हातात एखादा पुरावा ठेवते. ज्युलियन बार्न्सच्या ‘द सेन्स ऑफ ॲन एंडिंग’मध्ये (२०११) साठी उलटलेल्या टोनीसमोर त्यानेच तरुणपणी लिहिलेलं पत्र येतं. त्याला आठवत होतं त्यापेक्षा ते कितीतरी विखारी निघतं.

सचिन कुंडलकर यांच्या ‘कोबाल्ट ब्लू’त (२००६) असा कागद नाही, म्हणून ती मला जास्त अस्वस्थ करते. पुण्यातल्या एका घरात एक तरुण पेइंग गेस्ट म्हणून येतो. तनय आणि त्याची बहीण अनुजा, दोघंही त्याच्या प्रेमात पडतात. अनुजा त्याच्याबरोबर पळून जाते. पुढे तो तिलाही सोडून जातो. आधी तनय सांगतो, मग अनुजा. दोन लॉग जुळले नाहीत की आम्ही प्रोग्रामर तिसरा शोधतो. इथे तिसरा नाहीच. त्या तरुणाला नावसुद्धा नाही.

तनय त्याला ‘तू’ म्हणतो, अनुजा ‘तो’. सगळी आठवण या सर्वनामावर फिरते. ‘तू’ म्हणणाऱ्याला अजून उत्तराची आशा असते. म्हणून तनयच्या निवेदनात काळ सतत मागेपुढे होतो. डायरी लिहिणाऱ्या अनुजाला घरी परतल्यावर पुन्हा उभं राहायचं आहे. दोघंही खोटं बोलत नाहीत. तरी दोघांना आठवणारा माणूस वेगळा आहे, कारण दोघांना त्याच्याकडून हवं होतं तेच वेगळं होतं. तनयची व्याकुळता मोहात पाडते; पण त्या नादात अनुजाचा भाग पुरवणीसारखा वाचला, तर कादंबरी अर्धीच हाती लागते.

एक आक्षेप घेता येईल: या सगळ्यात तो तरुण नुसता आरसा होऊन राहतो. माझ्या मते कादंबरीची ताकद त्यातच आहे. २०२२ साली कुंडलकरांनीच केलेल्या चित्रपटात त्याला चेहरा मिळतो, आणि पडद्यावर दिसतो तसाच तो होता असं वाटू लागतं. पुस्तकात तो या दोघांनी सांगितला तेवढाच आहे. ब्रेकअपनंतर मित्रांसमोर ‘ती तशीच होती’ असं आपण छातीठोकपणे सांगतो, तेव्हा तीही अशीच गैरहजर असते.