उसना चेहरा

वित्तोरिओ द सिका हा १९३० च्या दशकात इटलीचा लाडका नट, विनोदी चित्रपटांतला देखणा नायक. कॅमेऱ्यामागे गेल्यावर १९४८ च्या ‘बायसिकल थीव्हज’साठी त्यानं निवडलं कुणाला, तर लाम्बेर्तो माज्जोरानी या कारखान्यातल्या कामगाराला! अभिनयावरचा त्याचा विश्वास उडाला होता का? आम्हाला तसं वाटत नाही. नवख्यानं चालावं कसं, थांबावं कुठं, हे दाखवायला मुरलेला नटच लागतो.

आमची अडचण वेगळी आहे. द सिका पैशांसाठी पुन्हा पडद्यावर येऊ शकत होता, येतही राहिला. माज्जोरानी कारखान्यात परतला खरा, पण पुढे त्याची नोकरी गेली. चित्रपट मात्र अजरामर झाला. आता सांगा, सायकल चोरीला गेली ती दिसते; उसन्या घेतलेल्या चेहऱ्याची परतफेड कुणी, कशी करायची?