प्रभावाची दिशा आणि मेरी सिडनीची स्तोत्रे

इंग्रजी समीक्षेत साहित्यिक प्रभावाचा विचार दीर्घकाळ वारसाहक्काच्या परिभाषेत झाला. हॅरल्ड ब्लूम यांच्या १९७३ च्या मांडणीत तर समर्थ पूर्वसूरी आणि त्याच्याशी झगडणारा उत्तरसूरी यांचे नाते पितापुत्राचे आहे. अशा चौकटीत लेखिकेच्या वाट्याला ऋणकोची भूमिका येते. धनको म्हणून ती क्वचितच दिसते. सोळाव्या शतकाच्या अखेरीची एक स्तोत्ररचना या गृहीतकाची कसोटी पाहते.

फिलिप सिडनी १५८६ मध्ये मरण पावला, तेव्हा बायबलमधील १५० स्तोत्रांपैकी पहिल्या ४३ स्तोत्रांचेच पद्यरूपांतर त्याच्या हातून झाले होते. उरलेली १०७ त्याची बहीण मेरी, पेम्ब्रोकची काउंटेस, हिने रचली आणि भावाच्या रचनांवरही संस्कार केले. राणी एलिझाबेथसाठी १५९९ मध्ये सिद्ध केलेल्या प्रतीत मात्र ती श्रेय दिवंगत भावाकडे सोपवते. हा विनय शब्दशः घेतला, तर ती केवळ पूरककर्ती ठरते. रचनेची साक्ष वेगळी आहे. जवळजवळ प्रत्येक स्तोत्रासाठी तिने कडव्याचा निराळा बंध योजला आहे. जॉन डनने या भावंडांच्या अनुवादाचा गौरव करणारी स्वतंत्र कविता लिहिली. जॉर्ज हर्बर्टच्या 'द टेम्पल' (१६३३) मधील छंदोवैविध्याचे नातेही अभ्यासकांनी या स्तोत्रांशी जोडले आहे.

तरीही हे ऋण दुर्लक्षित राहिले, कारण ही स्तोत्रे हस्तलिखितांतून फिरली आणि समग्र रूपात १८२३ मध्येच छापली गेली. मुद्रित ग्रंथ हाच प्रभावाचा पुरावा मानणाऱ्या समीक्षेला ती दिसणे अवघड होते. म्हणजे उणीव लेखिकेच्या प्रभावात नसून पुराव्याच्या निकषात होती.

परंतु पित्याच्या जागी माता बसविल्याने प्रश्न सुटत नाही. वंशावळीची चौकट तशीच राहते. मेरी भावाच्या आणि स्वतःच्याही ओळी पुनःपुन्हा बदलत राहिली. येथे पूर्वसूरी आणि उत्तरसूरी एकाच संहितेत वावरतात, आणि प्रभाव संघर्षातून नव्हे, संस्करणातून प्रकटतो.

मेरी रॉथच्या 'युरेनिया' (१६२१) या गद्य रोमान्सच्या मुखपृष्ठावर लेखिकेची ओळख फिलिपची आणि काउंटेसचीही पुतणी अशी दिली आहे. समीक्षेने पुढे ज्या नात्याकडे पाठ फिरविली, ते त्या पानावर उघडपणे छापलेले होते.